सावनीचा निरोप

॥ श्री ॥

सरोजिनी नगर, लखनौ
१९ ऑगस्ट २०२४

चि. सावनीस आबांचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र शुक्रवारी पोचलं. पाकीट हातात घेतलं तेव्हाच कळलं की आत पान एकच आहे. अगं, गाठी घशावर आल्यात, बोटांवर नाही. डॉक्टरांनी बोलायचं बंद केलंय, लिहायचं नव्हे. पण जाऊ दे, दमली असशील.

सहा आठवडे मौन! तुझ्या आजीला सहा मिनिटं जमलं नव्हतं कधी. आणि इकडे माझी तऱ्हा बघ, कानातलं यंत्र घालूनही फोनवर नुसतं खरखर ऐकू येतं. नात मुकी, आजोबा बहिरा. देवाने जोडी जमवली आणि पोस्टखात्याला काम दिलं. फोनवर टाइप करायला सांगू नकोस. रेल्वेच्या कारखान्यात बेचाळीस वर्षं लेथ चालवलेली बोटं ही, एक दाबायला जातो तर तीन अक्षरं उमटतात.

तुझं पत्र लाल पेन्सिलीने तपासून सोबत परत धाडलंय. रागावू नकोस. सातवीत शाळा सुटली, पुढचं मराठी मी पुडीच्या कागदांवर शिकलो, म्हणून जीव जातो शब्दासाठी. ‘मी लवकर वापस येईन’ असं लिहिलंयस. हा ‘वापस’ इथल्या सब्जीवाल्याला शोभतो, तुला नाही. लहानपणापासून सांगतोय.

आता कामाचं. अद्वैतने आणि तू एकमेकांना फोनमध्ये अडवून ठेवलंय, म्हणून सत्त्याहत्तराव्या वर्षी मला पोस्टमन व्हावं लागतंय. मला कबूल आहे, घसा बसलेला असताना त्याने तुला लागोपाठ तीन कार्यक्रम गायला लावलं, चूक त्याची. पण तूही चारचौघांत त्याला खाटीक म्हणालीस. भाऊ आहे तो. असो. हज़रतगंजच्या स्टुडिओवाल्यांनी कळवलंय की तुमच्या ‘लइया-चिवडा’ बँडचा नवा आल्बम करायचा तर सप्टेंबरात करा, नाहीतर तारखा दुसऱ्या बँडला जातील. बख्शी का तालाबकडची शिवांगी म्हणून एक मुलगी आहे, अद्वैतने तुला ऐकवली असेल. आवाज जाड, खालचा, लग्नातली गाणी गाऊन तयार झालेला. तुझ्यासाठी डिसेंबरपर्यंत थांबायचं की तिला घ्यायचं, हे तुझ्याकडून कळावं असं अद्वैत म्हणतो. त्याने हे मला विचारताना तीनदा पाणी प्यायलं.

उत्तर लवकर धाड. कौमुदीला म्हणावं, भाचीला सूप पाज, पण त्यात मिरी घालू नको.

तुझ्या पत्राच्या वाटेकडे डोळे लावून,
आबा

*

पुणे
२७ ऑगस्ट २०२४

ती. आबांस शि. सा. नमस्कार वि. वि.

लाल खुणा मोजल्या. एकोणीस. गणिताच्या पेपरातही एवढ्या नव्हत्या.

गळ्यात पाटी अडकवून फिरते. त्यावर लिहून दाखवलं की दुकानदार मोठ्याने ओरडून बोलतात, त्यांना वाटतं ऐकूही येत नसेल. कौमुदीआत्या तर स्वतःही खुणा करायला लागली आहे. काल मला चहा हवा का, हे तिने इतका वेळ हातवारे करून विचारलं की चहा उकळून गेला. हसायचीही बंदी आहे, घशावर ताण येतो म्हणे.

ऑपरेशन नऊ सप्टेंबरला. भीती नाही वाटत, कंटाळा येतो. सगळ्याचाच.

अद्वैतचं विचारलंत. भांडण माझ्यापुरतं संपलं. त्याला म्हणावं, काम थांबवू नको, शिवांगीला माझ्या जागी उभी कर. गाण्यांची वही कपाटात वरच्या खणात आहे, ती तिला दे. मी येते. एवढं सांगा. जास्त लिहवत नाही.

गुडघ्याला तेल लावा. आईबाबा हैदराबादहून दिवाळीला येणार आहेत ना तिकडे?

एकदाही ‘वापस’ न लिहिलेली,
तुमची सावनी

*

॥ श्री ॥

सरोजिनी नगर, लखनौ
५ सप्टेंबर २०२४

चि. सावनीस अनेक आशीर्वाद.

पत्र वाचलं आणि अंगणात खुर्ची टाकून बराच वेळ नुसता बसलो. दोन विमानं गेली डोक्यावरून. मन मोठं आहे हो तुझं. मला नसतं जमलं.

तुझा निरोप अद्वैतला शब्दशः दिला. तो वही घेऊन वर गेला. संध्याकाळी जेवला मात्र नाही. मी त्याला बजावलंय, पोरीचं ऑपरेशन आहे, आता तिला काही विचारून त्रास द्यायचा नाही. मीही हा विषय काढणार नाही. तुला वाटेल तेव्हा तूच काढ.

नऊ तारखेला सकाळी देवापुढे बसेन. तू फक्त बरी हो.

तुझ्यावर जीव असलेला,
आबा

*

पुणे
१८ जानेवारी २०२५

ती. आबांस नमस्कार.

आज तुम्ही कसे आहात वगैरे विचारणार नाही.

परवा आत्याच्या फोनवर एक चित्र आलं. ‘विमान जाने दो – लइया-चिवडा का नया अल्बम’. आपली गच्ची, आपली हिरवी टाकी, तुमची पेटी, अद्वैत, आणि मधोमध मी नसलेली मी. आत्याला वाटलं मला माहीत आहे. तिने अभिनंदन केलं.

चार महिने मी तारखेची वाट बघत होते. वाटत होतं माझ्यासाठी थांबलेत. म्हणून विचारलं नाही, हा विषय काढणार नाही असं तुम्हीच लिहिलं होतंत. चार महिने तुम्ही मला मटार, धुकं आणि गुडघे यांच्यावर लिहीत राहिलात. एका पत्रात तर मेथीच्या भावावर अर्धं पान. शिवांगीला उभी कर म्हटलं ते तालमीपुरतं, मी येईपर्यंत. मी येते म्हटलं होतं, आबा. तुम्ही लिहिलंत की निरोप दिला. मग काय दिलंत?

एकच गाणं लावलं, तेही पुरं ऐकवलं नाही. ढोलक नाही, पेटी कुठे तरी मागे, लॅपटॉपवरचे ठोके, आणि त्याच्यावर तिचा तो खालचा आवाज. वाईट नाही. वाईट असता तर बरं झालं असतं. पण एक विचारते. जुलैत अद्वैतने तिचं गाणं ऐकवलं होतं तेव्हा ती ‘डोळे’ला ‘डोले’ म्हणत होती. आता तिथे ळ आहे, स्वच्छ, पाटीवर काढल्यासारखा. तिला ळ कुणी शिकवला? अद्वैत स्वतः ‘शाला’ म्हणतो. त्या घरात ळ येणारं माणूस एकच आहे.

बोलायला आता परवानगी आहे. पण फोन करणार नाही. तुम्हाला ऐकू येत नाही आणि मला त्याच्याशी बोलायचं नाही.

सावनी

*

॥ श्री ॥

सरोजिनी नगर, लखनौ
२७ जानेवारी २०२५

चि. सावनी,

आशीर्वाद लिहायला हात धजत नाही, पण ते आहेतच.

तुझं पत्र आलं आणि मी आधी चिडलो, हे खरं सांगतो. म्हटलं, पोरगी स्वतः निरोप घेते आणि वर आम्हालाच विचारते. बिस्किटांच्या डब्यातून तुझं ऑगस्टचं पत्र काढलं, अद्वैतपुढे आपटलं, म्हटलं वाच. त्याने वाचलं, मान हलवली, म्हणाला की आबा बरोबर आहे, तिनेच सोडलंय.

शिवांगी तिथेच मटार सोलत बसली होती. अक्षरं तीच आपली, म्हणून तिनेही पत्र घेतलं आणि बोट ठेवून ठेवून वाचलं. मग विचारलं की ये ‘येते’ का मतलब क्या होता है. अद्वैत म्हणाला, आती हूँ. त्यावर ती म्हणाली की भैया, फिर तो दीदी ने लिखा है वो आ रही हैं, इसमें सोचना क्या है.

मी पत्र तिच्या हातून घेतलं आणि तीच ओळ पुन्हा वाचली. एक विमान गेलं, तेवढा वेळ.

जिला ळ म्हणायला तीन आठवडे लागले, तिने तुझं पत्र बरोबर वाचलं. आणि मी, ज्याने तुझ्या मराठीवर लाल पेन्सिल झिजवली, मी चुकलो. आपल्यात दारातून निघताना ‘जाते’ म्हणत नाहीत, ‘येते’ म्हणतात, हे तुम्हा दोघांना मीच शिकवलं. तू पाच वर्षांची असताना शाळेत निघालीस की ‘जाते’ म्हणायचीस आणि मी तुला दारातून मागे बोलवायचो. मग ‘शिवांगीला माझ्या जागी उभी कर, वही दे, मी येते’ हे मी वाचलं ते उंबरठ्यावरचं वाचलं. तुझी आजी दवाखान्याच्या गाडीत बसताना मला ‘येते’ म्हणाली होती. आली नाही. तेव्हापासून तो शब्द मला एकाच बाजूने ऐकू येतो. आणि मग तुला लिहिलं, निरोप दिला. तू समजलीस सांगावा दिला. मी दिला तुझा अखेरचा रामराम. लोक ध चा मा करतात. मी ध चा ध च वाचला आणि तरी घात झाला.

ळ मीच शिकवला. रोज संध्याकाळी अर्धा तास. काळा, कावळा, बाळ, पोळी. ती ‘पोळी’ म्हणू लागली तेव्हा मी तिला गुळाची करून घातली. वाटलं, गाणी तू दिलीच आहेस, तर निदान नीट म्हटली जावीत. तुझ्यासाठीच करतोय असंच मनात होतं. हे वाचून तुला आणखी लागेल, पण लपवून काय करू?

आल्बम निघाला, तो आता परत पेटीत जात नाही. माझी चूक आहे, अद्वैतची नाही. त्याला बोलू नकोस. पेन्सिल वरच्या फळीवर ठेवून दिली आहे.

रागाने का होईना, पण लिही.
आबा

*

लखनौ
३० जानेवारी २०२५

सावू,

मराठीत लिहितोय, ग़लती झाली तर आबांची पेन्सिल आता रिटायर आहे.

आबांनी तुला लिहिलं की सगळी चूक त्यांची. पत्र पोस्टात टाकायला मलाच दिलं, मी पाकीट उघडून वाचलं. हे पण एक पाप. पण सच ते नाहीये. म्हणून लिहितोय.

आबांनी सांगितलं तू सोडलंस, तेव्हा मी एक फोन करू शकत होतो. आत्याच्या नंबरवर. दोन मिनिटं. नाही केला. पहिल्या दिवशी बुरा वाटलं, जेवलो नाही. दुसऱ्या दिवशी मला हलकं वाटलं, सावू. तुझ्या घशाची ज़िम्मेदारी नाही, तीन शोचं गिल्ट नाही, आणि मला जो साउंड दोन साल से करायचा होता, जो तू ‘भांडी पडल्यासारखा’ म्हणायचीस, तो करायला कोणी रोकणारं नाही. मला ‘येते’चा मतलब आबांवालाच पाहिजे होता. कन्फर्म केलं असतं तर बदलला असता.

गाणी चांगली झाली आहेत. हे लिहिणं बेशर्मी आहे, पण तू नंतर ऐकशीलच. पाचव्या गाण्यात विमान आहे. तुझ्या जुन्या ट्रॅकवर आलं होतं, तू ‘विमान जाने दो’ ओरडली होतीस. ते मी ठेवलंय, आल्बमचं नाव तिथूनच आहे. तुझा तेवढा आवाज आहे त्यात. चार सेकंद.

एक मार्चला हज़रतगंजमध्ये लॉन्चचा कार्यक्रम आहे. तू गाणार असशील तर तुझी पाचही गाणी तू गा. शिवांगीने स्वतः म्हटलंय. नाही आलीस तरी समजू शकतो. तुझा नंबर अनब्लॉक केलाय. आज नाही, सप्टेंबरमध्येच. बस तू केला नव्हतास.

तुझा,
खाटीक

*

पुणे
१० फेब्रुवारी २०२५

ती. आबांस शि. सा. नमस्कार वि. वि.

दोन्ही पत्रं एकाच दिवशी आली. अद्वैतचं आधी वाचलं, पाकिटावर मराठीत पत्ता बघून आश्चर्य वाटलं म्हणून.

तुम्हाला एक सांगितलं नव्हतं. नोव्हेंबरमध्ये डॉक्टरांनी आरशातून बघून सांगितलं की बोलणं पूर्ण परत येईल, गाणं थोडं येईल, वरचे सूर नाही. माझी पाचही गाणी वरची आहेत. म्हणजे तुम्ही थांबला असतात तर मी डिसेंबरात आले असते, गच्चीवर उभी राहिले असते आणि हेच सांगितलं असतं. शेवट तोच झाला असता.

पण यात समाधान मानू नका, आबा. आत्याने मानलं, ती म्हणाली की बघ, जे झालं ते बऱ्यासाठी. मला फार राग आला तिचा. नाही म्हणायचं होतं ते मला म्हणायचं होतं. माझ्या तोंडून, बँडसमोर, वही स्वतःच्या हाताने देऊन. ती पाळी माझी होती. ती तुम्ही घेतलीत, अद्वैतने तुम्हाला घेऊ दिली, आणि मला कळलं ते फोनवरच्या चित्रातून. ‘वापस’ लिहिलं असतं तर तुम्ही लाल केलं असतंत, पण समजलं तरी असतं.

काल पूर्ण आल्बम ऐकला. दोनदा. पाचव्या गाण्यातला माझा ओरडण्याचा आवाज ऐकून दचकले. किती मोठ्याने ओरडायचे मी. घसा बसेल नाही तर काय होईल? ‘डोळे’वाल्या गाण्यात शिवांगी दुसऱ्या ओळीनंतर जी थांबते, तिथे मी कधी थांबले नव्हते. मला तिथे श्वास पुरायचा, म्हणून मी धावत जायचे. थांबल्यावर ते गाणं बरं वाटतं. हे तिला सांगू नका, मी सांगेन.

अद्वैतला माफ केलं असं नाही. पण खरं लिहिलंय त्याने, एवढं म्हणता येईल.

सत्तावीस तारखेच्या गाडीने येते. म्हणजे, आती हूँ. वापस. डबा बी-तीन, तेवीस नंबर. गाणार नाही, बघायला येते आहे. स्टेशनवर अद्वैतने यावं आणि घरी पोचेपर्यंत काही बोलू नये. मला मौनाची सवय झाली आहे, त्यालाही होऊ दे जरा.

लाल पेन्सिल फळीवरून काढून ठेवा.
सावनी

*

॥ श्री ॥

सरोजिनी नगर, लखनौ
६ मार्च २०२५

चि. सावनीस आबांचे अनेक उत्तम आशीर्वाद.

तू जाऊन दोन दिवस झाले. घर पुन्हा आधीसारखं झालंय, म्हणजे वर ठोके आणि खाली मी.

अद्वैत सांगतो की स्टेशनपासून घरापर्यंत तुम्ही दोघं खरंच बोलला नाहीत, आणि त्याला ती सगळ्यात मोठी शिक्षा वाटली. तुला नसेल माहीत, दुसऱ्या दिवशी त्याने गच्चीवरची ती हिरवी टाकी एकट्याने घासली. कुणी सांगितलं नव्हतं. पोरगा दमला की भांडी घासतो, तुझ्या आजीवर गेलाय.

कार्यक्रमात तू गायली नाहीस, पण शिवांगीच्या हातात वही तू दिलीस, सगळ्यांसमोर, आणि काहीतरी बोललीस. मला शेवटच्या रांगेत ऐकू आलं नाही. मी विचारलंही नाही. ती पाळी तुझी होती.

आता तू सांगितलंस तसं माझंही एक ऐकून घे. तुझे वरचे सूर मला गेली तीन वर्षं ऐकू येत नव्हते. कानाचा वरचा भाग आधी जातो, डॉक्टर म्हणाले. गच्चीवर तू गायचीस तेव्हा मी तुझ्या तोंडाकडे आणि गळ्याच्या शिरांकडे बघून मान डोलवायचो. वाहवा मी आठवणीने द्यायचो. शिवांगीचा जाड आवाज मात्र खाटेच्या पट्ट्यांतूनसुद्धा अंगात चढतो, म्हणून तिला ळ शिकवताना मला पुन्हा गाणं ऐकल्यासारखं वाटत होतं. आणि त्याचीच लाज वाटत होती. तुला कसं लिहिणार? म्हणून मेथीचा भाव लिहीत होतो.

रविवारी सकाळी तू मटार सोलत होतीस आणि खालच्या पट्टीत काहीतरी गुणगुणत होतीस. तुला कळलंही नसेल. मी वर्तमानपत्र तोंडासमोर धरून बसलो होतो. पान उलटलं नाही, कारण त्याचा आवाज झाला असता. ते मला ऐकू आलं, सावनी. सगळं.

मंगळवारी निघताना तू उंबरठ्यावर थांबलीस, माझ्या कानाजवळ तोंड आणलंस आणि म्हणालीस, ‘जाते, आबा.’ आपल्या घरात कुणी म्हटलेलं नाही असं. अद्वैतने जीभ चावली, शिवांगीने त्याच्याकडे बघितलं. तुझी आजी असती तर तिने तुला परत आत घेऊन पाटावर बसवलं असतं, गूळ-पाणी दिलं असतं आणि मग सोडलं असतं. माझा हातही तुला मागे ओढायला उठला होता. पण खरं सांगू? बरं वाटलं. पुष्कळ दिवसांनी एक शब्द जसा होता तसा कानात पडला. जाते म्हणालीस, गेलीस. त्यात मला काही चुकीचं समजायला जागाच ठेवली नाहीस.

जुलैत आंबे येतील, मलिहाबादचे. तेव्हा ‘येते’ असं लिहिलंस तर मी डबा नंबर विचारीन.

सोबत तुझं फेब्रुवारीचं पत्र तपासून धाडतोय. एकच लाल खूण आहे. ‘वापस’वर. पण खोडलं नाही, बरोबरची केली आहे.

तुझा,
आबा